मरियक्कुट्टी बोलत नाही

९ जानेवारी २०१७, सोमवार. तृक्काक्करा

आज एक मुलगी घरी आली आणि मला न बोलायचं काम देऊन गेली.

नाव नजला. तिरूरकडची. तिशीसुद्धा झाली नसेल. डोक्यावर ओढणी, पायात डोंगर चढायचे बूट. काल फोनवर, ताईला हाक मारावी तसं, एवढंच म्हणाली होती, "चेची, सिनेमाचं काम आहे, येऊ का?" मला वाटलं डबिंग. कितीतरी वर्षांनी कुणीतरी बोलावतंय. सकाळपासून मिठाच्या पाण्याच्या गुळण्या केल्या, दह्याला हात लावला नाही. अच्चायन म्हणाले, "अगं, ती पोरगी येतेय, रेकॉर्डिंगची खोली नाही येत." माझ्या नवऱ्याला चाळीस वर्षांत चेष्टा सोडून काही जमलं नाही.

चहा घेता घेता पोरीने कथा सांगितली. मरियक्कुट्टी नावाची सत्तरीची बाई, डोंगरातली. नवरा अचानक जातो. दफन झाल्यापासून ती बोलणं बंद करते. मुलं परदेशातून येतात, घर विकायचं म्हणतात, भांडतात. ही गप्प.

"मग बोलते कधी?" मी विचारलं.

"शेवटी. एकदाच."

"एकदाच म्हणजे किती पानं?"

"एक वाक्य, चेची."

मी कप खाली ठेवला. एकतीस वर्षं मी आमच्या मल्याळी सिनेमाची नायिका होते. पडद्यावर नव्हे, पडद्यामागे. चेहरे बाहेरून यायचे, बेंगळुरूहून, हैदराबादहून. त्यांना आमची भाषा येत नसे. त्या ओठ हलवायच्या, बोलायचे मी. एक मुंबईची मराठी मुलगी होती. तिला निदान ‘ळ’ म्हणता यायचा, बाकी उत्तरेकडच्यांचा त्याच्यावरच पाय घसरायचा. पण आमचा तो जीभ पार मागे वळवून म्हणायचा ‘ऴ’ तिलाही जमला नाही. तो मीच म्हटला. सगळ्यांचं प्रेम मीच केलं, लाजले मीच, विहिरीच्या काठावर हंबरडा फोडला तो मीच. केरळातल्या दोन पिढ्यांनी ज्या आवाजाच्या प्रेमात पडून लग्नं केली, त्या आवाजाला ही पोरगी म्हणते, गप्प बस.

"मुली," मी म्हटलं, "बाजारातला सगळ्यात चांगला तांदूळ आणायचा आणि उपास धरायचा, असलं आहे हे."

ती हसली. "चेची, मला तुमचे शब्द नकोत. तुमचा श्वास हवाय."

हे असलं बोलणं मला कळत नाही. नाही म्हणून सांगितलं. तिने तळलेल्या केळ्याच्या पळंपोरी मात्र दोन मागून घेतल्या.

११ जानेवारी, बुधवार

अच्चायन दोन दिवस पाठीस लागलेत. ते हल्ली दुपारच्या खेळाला एकटेच जाऊन नवे सिनेमे बघतात आणि घरी येऊन मला सांगतात. पूर्वी हिरो यायचा तर आधी त्याची चप्पल दिसायची, मग जीप, मग वारा सुटायचा, मग चेहरा. आता म्हणे हिरो लुंगी खोचून विहिरीचं पाणी शेंदतो, सासऱ्याला घाबरतो, आणि लोक टाळ्या वाजवतात. "शोशा, ही पोरं आपल्या शेजाऱ्यांवर सिनेमे काढतायत," ते म्हणतात. "शेजाऱ्यांवर! आणि काय झकास!"

मी म्हटलं, शेजारी फुकट दिसतात, तिकीट कशाला?

पण मला ठाऊक आहे या नव्या सिनेमानेच माझं काम बंद केलं. आता नायिका स्वतःच बोलतात. घोगऱ्या, चिरक्या, नाकातल्या आवाजात, ज्या त्या गावच्या बोलीत. शूटिंग करतानाच आवाज धरतात, त्याला सिंक साउंड म्हणतात. स्टुडिओत जाऊन ओठाला ओठ जुळवणारी शोशाम्मा कुणाला हवी?

"मग त्यांच्यात जाऊन बघ तरी काय करतात ते," अच्चायन म्हणाले.

"आणि तुमच्या गोळ्या कोण देणार? बायपासला वर्ष नाही झालं."

"मला मोजता येतं."

संध्याकाळी मी नजलाला फोन केला. अट घातली, ते एक वाक्य नीट दणदणीत हवं. ती म्हणाली, "ते तुमच्यावर आहे, चेची."

२३ जानेवारी, सोमवार. मुंडनपारा

कट्टप्पनाच्या पुढे आहे हे गाव. माझं जन्मगाव इथून दोन डोंगर पलीकडे. बाबा आणि अम्मच्ची, माझी आई, खालच्या पाला गावाहून इथे रान तोडून शेती करायला आले, त्याच डोंगररांगा. एकोणिसाव्या वर्षी मी सिनेमासाठी मद्रासला गेले ती परत राहायला आले नाही. गाडीतून उतरल्याबरोबर वेलदोडे वाळवण्याच्या भट्टीचा वास आला. थंडी अशी की बोटं वळत नाहीत.

मला चट्टा-मुंडू दिलं नेसायला. पांढरं, आमच्या जुन्या बायका नेसायच्या तसं, मागे पंख्यासारख्या चुण्या घातलेलं. चुण्या कुणाला घालता येईनात. माझ्या हातांनी आपोआप घातल्या. आरशात बघितलं तर अम्मच्ची उभी.

इथे मेकअप नाही. बाई आली, माझ्या तोंडावरची पावडर पुसली आणि गेली. एवढाच मेकअप.

२५ जानेवारी, बुधवार

पहिला शॉट. मी खाटेवर बसायचं आणि खिडकीतून नवऱ्याला खड्ड्यात ठेवून परतणारी माणसं बघायची. बस्स.

मी माझ्या परीने डोळे मोठे केले, ओठ थरथरवले. नजला जवळ येऊन कानात म्हणाली, "चेची, तुम्ही कॅमेरा विसरा. समजा स्टुडिओत आहात. पडद्यावर दुसरी बाई बसलीये, तिला श्वास द्यायचाय तुम्ही."

हे मला कळलं. हे तर माझं रोजचं काम होतं. नायिका जिना चढली की दम मी लावायचा, चटका बसला की ‘स्स’ माझं. रडू येण्याआधी बाई जो अर्धा श्वास घेते आणि गिळते, तो गिळायला मला सहा महिने लागले होते शिकायला. त्याला कुणी टाळ्या देत नसे, पण तो नसला तर रडणं खोटं वाटायचं.

मी डोळे मिटून समोर एक बाई आणली आणि तिला श्वास दिला.

आवाज धरणारा धनेश, कानाला मोठाले हेडफोन लावून कोपऱ्यात बसलेला. शॉट संपल्यावर तो उठून जवळ आला. मग म्हणाला, "चेची, मला भिंतीपलीकडूनही कळलं असतं की खोलीत कोणीतरी बसलंय."

मुलगा बरा आहे. जेवताना त्याला माझ्यातला माशाचा तुकडा दिला.

२८ जानेवारी, शनिवार

या पोरांना रीतभात शिकवलेली नाही, हे लिहून ठेवते.

सेटवर सगळ्यांचे फोन बंद असतात. धनेशला कावळा ओरडलेला चालत नाही, फोन कुठून चालणार? पण आज माझा फोन वाजला तर नजलाच म्हणाली, "घ्या, घ्या." अच्चायन. गॅसची टाकी कशी लावायची विचारत होते. चाळीस वर्षांत गॅसची टाकी लावता येत नाही! मी त्यांना चांगलं झापलं. फोन ठेवून मागे वळते तर नजला आणि धनेश दोघं हाताच्या अंतरावर उभे, देवळातला घंटानाद ऐकावा तसे.

"नवरा-बायकोचं बोलणं ऐकू नये," मी म्हटलं.

"चुकलं, चेची," नजला म्हणाली. चेहऱ्यावर चुकल्याचं काही नव्हतं.

अच्चायनचे फोनही फार झालेत. सकाळी इस्त्री कुठे, दुपारी कांदारी मिरचीचं लोणचं कुठे, संध्याकाळी उगाचच. इतकं एकटं पडलेलं माणूस मी पाहिलं नाही. आणि आज म्हणाले, "तुमच्याकडे आज कप्पा आणि बीफ होतं ना?" त्यांना कसं कळलं कोण जाणे. अंदाजाने म्हणाले असतील. डोंगरात कप्प्याचे कंद आणि बीफ सोडून दुसरं असतं काय?

३१ जानेवारी, मंगळवार

निर्माते वर्की सर आले. रबराचे मळे आहेत, भला माणूस, पण चित्रीकरण बघून घामाघूम झाले. नजलाला एका बाजूला घेतलं, पण डोंगरात बाजू कसली, सगळं ऐकू येतं.

"अगं पोरी, म्हातारी बोलतच नाही! दोन तास लोक काय ऐकणार?"

"मागे पाऊस नाही, कावळा नाही, नुसता बाईचा श्वास ऐकतील सर."

"श्वास ऐकायला लोक दवाखान्यात जातात!"

मला त्यांचं म्हणणं पटलं. खरं सांगायचं तर बरं वाटलं, कुणीतरी माझ्या बाजूने बोललं. जेवणानंतर मीच त्यांना जाऊन म्हटलं, "सर, काळजी करू नका. शेवटी गरज पडली तर एर्णाकुळमच्या स्टुडिओत मी पाच मिनिटांत मनातलं बोलणं भरून देईन. मागे हलकी बासरी ठेवली की झालं." ते म्हणाले, "चेची, तुम्ही देव आहात."

नजलाने ऐकलं. ती माझ्यावर रागावली नाही, फक्त म्हणाली, "चेची, आमच्या घरी आजीला दिसत नव्हतं. ती तुमचे सिनेमे ऐकायची. प्रत्येक नायिका आली की म्हणायची, हीच ती मुलगी, परत आली. पण एकदा मला म्हणाली, ही पोरगी कुठल्या गावची आहे ते मात्र कळत नाही बघ."

"म्हणजे?"

"म्हणजे काही नाही," म्हणाली आणि निघून गेली.

मी त्या आजीचा विचार करत बसले. बिचारीला दिसत नव्हतं. मला वाटतं ही माझी मोठीच स्तुती होती.

३ फेब्रुवारी, शुक्रवार

आज ते वाक्य.

चर्चच्या मागची दफनभूमी. नवऱ्याच्या थडग्यापाशी मरियक्कुट्टी येते आणि म्हणते, "तुम्ही मला काही न सांगताच निघून गेलात." बाकी सगळा सिनेमा या वाक्याची वाट बघत थांबलेला. मी कालपासून त्याच्यावर काम करत होते. ‘काही’वर किंचित थांबायचं, ‘निघून’ला आवाज तुटू द्यायचा, ‘गेलात’ नुसत्या हवेत सोडून द्यायचं. मोठ्या मोठ्या नायिकांना मी असंच रडवलं आहे.

म्हटलं. चहा देणारा माणूस किटली ठेवून रडायला लागला. वर्की सरांनी चष्मा काढला. लोकांनी टाळ्या वाजवल्या, आणि मान्य करते, मला ते आवडलं.

नजला म्हणाली, "छान. परत एकदा."

परत म्हटलं. परत एकदा. उन्हं कलली तरी परत एकदा. शेवटी मी विचारलं, "नेमकं कमी काय पडतंय?"

ती माझ्यापुढे गवतात बसली. "चेची, हे फार सुंदर आहे. पण हे मी ऐकलंय. ही ती आहे, विहिरीच्या काठावरची. ती वीस वर्षांची आहे. तिला गाव नाही. मरियक्कुट्टीला बोलू द्या."

"मग मरियक्कुट्टीला आण कुठून तरी!" मी म्हटलं. "माझ्याकडे हाच आवाज आहे. याच्यावर एकतीस वर्षं घर चाललं. तुझ्या आईच्या जन्माआधी..." पुढचं हिशोबात बसेना म्हणून गप्प बसले.

खोलीवर आले ती जेवले नाही. कधी नव्हे ती भीती वाटतेय. ती म्हणते तो दुसरा आवाज माझ्यात नसेलच तर?

४ फेब्रुवारी, शनिवार

सकाळी कळवून टाकलं की आज मी येणार नाही. पायरीवर शाल पांघरून कोरा चहा घेत बसले होते. तेवढ्यात खालच्या वळणावर जीप घरघरली, आणि जीपमधून उतरलं कोण, तर अच्चायन! डोक्याला मफलर, हातात पिशवी, तोंडावर हसू. त्या उभ्या घाटातून, ओल्या खडीवरून, छाती चिरलेला माणूस! डॉक्टरांनी बजावलं होतं की डोंगर चढायचा नाही, धक्के खायचे नाहीत.

मी काय काय बोलले ते मला धड आठवत नाही. पायात चप्पल नव्हती एवढं आठवतंय. जीपपर्यंत पळत गेले आणि त्यांच्या हातातली पिशवी ओढून घेतली. मग तोंड सुटलं. जीपवाला गाडीच्या मागे लपला. अच्चायन मान खाली घालून ऐकत राहिले. पण हसू काही पुसेनात.

शेवटी मी दमून त्यांच्या छातीवर हात ठेवला. आत नीट चाललं होतं.

"न्याहारीला पुट्टू आहे का गं?" ते म्हणाले.

मला वाटतं त्यांना स्वयंपाकाचा कंटाळा आला असणार. पुरुष दोन आठवडे निभावतात, पुढे नाही.

नजला आणि धनेश बाजूलाच उभे होते. धनेशच्या हातात ती लांब काठी, टोकाला केसाळ माईक. शनिवारी सकाळी इथे काय रेकॉर्ड करायला आला होता विचारलं, तर म्हणाला, "पक्षी."

५ फेब्रुवारी, रविवार

प्रार्थनेहून आल्यावर नजलाने मला आणि अच्चायनला बोलावलं. म्हणाली, "चेची, आधी ऐका. मग मला शिव्या द्या, मग मी हे पुसून टाकते. सिनेमात वापरणार नाही, शपथ." आणि माझ्या कानांना धनेशचे हेडफोन लावले.

आधी जीपची घरघर. मग एका बाईचा आवाज. जाडा, खरखरीत, घाटातल्या चिंचेसारखा आंबट. "एन्ना माणसा! न सांगता येतं होय कुणी? मेला असतात वळणावर तर मी कुणाच्या नावानं ओरडायचं, त्या जीपवाल्याच्या?"

मी हेडफोन काढले. "ही अम्मच्ची आहे," मी म्हटलं. "ही माझी आई आहे."

अच्चायन खिडकीबाहेर बघायला लागले.

‘काय’ला सगळे ‘एन्दा’ म्हणतात. आमच्या डोंगरात ‘एन्ना’. मद्रासला पहिल्या दिवशी माईकसमोर मी ‘एन्ना’ म्हटलं आणि काचेपलीकडची सगळी माणसं हसली. तिथल्या डबिंगच्या सरांनी सांगितलं, बाळ, नायिका असं बोलत नाहीत, नायिका नदीकाठच्या मोठ्या घरातल्या मुलीसारखं बोलतात. मी एक वर्ष रोज आरशासमोर बसून ‘एन्ना’ काढून टाकला. तो गेला आणि मला कामं मिळाली. मी कधी त्याचं वाईट वाटून घेतलं नाही. घाणेरडा डाग निघाला म्हणून कोणी रडतं का?

आणि तो कुठे गेलाच नव्हता. इतकी वर्षं तो एकट्या अच्चायनला ऐकू येत होता.

"तुम्हाला माहीत होतं?" मी त्यांना विचारलं.

"काय?"

"मी अशी बोलते ते."

"शोशा," ते म्हणाले, "मी ज्या बाईशी लग्न केलं ती हीच. ती दुसरी थिएटरात असायची. तिच्यासाठी मला तिकीट काढावं लागायचं."

नजलाने रेकॉर्डिंग माझ्यासमोर पुसलं.

आज जेवण गेलं. तीन वेळा वाढून घेतलं.

६ फेब्रुवारी, सोमवार

सकाळी धुकं होतं, मग उघडलं. थडग्यापाशी मी एकटी. मी नजलाला म्हटलं, "तुझं वाक्य मी म्हणणार नाही. आमच्याकडे मेलेल्या नवऱ्याशी असं कोणी बोलत नाही."

"मग कसं बोलतात?"

"मला काय ठाऊक? माझा जिवंत आहे."

ती कॅमेऱ्याकडे गेली. "तुमचं तुम्ही बघा, चेची," एवढंच म्हणाली. या पोरीला घाबरायला येत नाही.

थडग्यावर गवत वाढलेलं. रिकामं बसायचं कसं म्हणून मी गवत उपटायला लागले. एक मूळ घट्ट होतं, निघेना. मला त्याचा राग आला. आणि मी त्या मुळाला, त्या मातीला, आत झोपलेल्या माणसाला म्हटलं, "एन्ना माणसा, न सांगता जातं होय कुणी? मिरी उतरवायचीय. आता शिडी कोण धरणार?"

रडू आलं नाही. मूळ निघालं, ते बाजूला टाकलं आणि दुसरं उपटायला घेतलं. खालच्या गोठ्यात एक गाय हंबरली. मला वाटलं आता धनेश थांबवणार, शॉट गेला. त्याने थांबवलं नाही. मी उपटत राहिले. किती वेळ ते माहीत नाही.

‘कट’ ऐकू आला नाही म्हणून वर बघितलं. नजला दोन्ही हात तोंडावर धरून उभी होती. धनेशने हेडफोन काढून गळ्यात टाकले होते आणि तो लांब कुठेतरी बघत होता. टाळ्या कुणीही वाजवल्या नाहीत. चहावाला हळूच म्हणाला, "आमची मावशी अशीच बोलते."

वर्की सर माझ्याजवळ आले. "चेची," म्हणाले, "ते बासरीचं राहू द्या."

"गाय?" मी विचारलं.

"गाय ठेवा," ते म्हणाले. "गायीला काही द्यावं लागेल का?"

१९ फेब्रुवारी, रविवार. तृक्काक्करा

घरी परतून आठवडा होत आला. गॅसच्या टाकीचं बघायला गेले. टाकी व्यवस्थित लावलेली होती. जुनीच, अजून अर्धी भरलेली. मधे बदललेलीच नव्हती. अच्चायनना विचारलं तर म्हणाले, "तेव्हा काहीतरी गडबड होती." माणसाला विसर पडायला लागला की काय? पुढच्या तपासणीला डॉक्टरांच्या कानावर घालीन.

त्यांच्या फोनवर नजलाचे रोज फोन येतात. माझ्या नाही, त्यांच्या. दोघं काय बोलतात देव जाणे. विचारलं तर म्हणाले, सिनेमाबद्दल. या वयात दोस्ती करायला बरी सापडली एकेक.

२७ ऑक्टोबर, शुक्रवार. कट्टप्पना

आज सिनेमा लागला.

एर्णाकुळमलाही लागलाय, पण पहिला खेळ इथेच बघायचा असं मी हट्टाने ठरवलं. अच्चायनना डॉक्टरांनी परवानगी दिली, टॅक्सीने, सावकाश. थिएटर भरलं होतं. हिरो नाही, गाणं नाही, नाच नाही, आणि माणसं जिन्यावर बसली होती. मळ्यातल्या बायका टोळीने आलेल्या, डोक्यावरचे रुमाल तसेच.

मी मद्रासच्या काळी थिएटरात जायचे तेव्हा अंधारात बसून लोकांचे चेहरे बघायचे. नायिका रडली की ते रडायचे, आणि मी मनात म्हणायचे, तुमच्या शेजारी बसलीये ती. आज मी पडद्याकडेच बघितलं. मध्येच कळलं की पडद्यावर मी श्वास घेतला की आजूबाजूच्या बायका श्वास घेतायत. कुणी खोकलं नाही, कुणी पॉपकॉर्न चावलं नाही. या डोंगरातली माणसं लग्नातसुद्धा इतकी शांत नसतात.

मग थडगं. मग ते वाक्य. ‘एन्ना’ म्हटल्याबरोबर सगळं थिएटर हसलं, आपलं माणूस दारात दिसावं तसं. आणि ‘शिडी कोण धरणार’ला ते हसू कुठल्या कुठे गेलं. पुढच्या रांगेतली एक म्हातारी मोठ्याने पडद्याला म्हणाली, "मी धरते, जा तू वर." कुणी तिला गप्प केलं नाही.

मला वाटायचं नव्या पोरांनी आमचा सिनेमा लहान केला. घरं लहान, माणसं लहान, बोलणं लहान. आज त्या अंधारात बसून मला तो एवढा मोठा दिसला की त्यात माझी आईसुद्धा मावली. सांगायला नको, ऊर भरून आला. आमच्या एवढ्याशा मुलखात, तांदूळ बाहेरून आणणाऱ्या मुलखात, हे पिकतं.

बाहेर आलो तर जिन्यावर एका जाडजूड बाईने अडवलं. हातात छत्री, गळ्यात भला मोठा क्रूस. "तुम्हीच ना त्या? अहो काय काम केलंत! मी पहिल्यापासून सिनेमे बघते, सगळं कळतं मला. एक विचारू, रागावणार नाही ना? आवाज कोणाचा लावला हो?"

अच्चायनने तोंड उघडलं. मी त्यांचा दंड धरला.

"माझा," मी म्हटलं.

"छे! चेहऱ्याला इतका चपखल बसलाय, कोणीतरी मुरलेल्या बाईनेच दिला असणार. मला ओळखता येतात त्या."

"एन्ना बाई," मी म्हटलं, "आता इथं परत बोलून दाखवू?"

ती वळून जिन्यावरून ओरडली, "अगं रोसम्मा, अगं लिल्ली, वर या! आवाज हिचाच आहे! आपल्याकडचीच आहे ही!"

आल्या सगळ्या. दहा-वीस बायका, छत्र्या, पिशव्या, कडेवर पोरं. बोला, बोला म्हणायला लागल्या. एकतीस वर्षांत मला असं समोरासमोर कोणी कधी म्हटलं नव्हतं. मी कठड्याला टेकले आणि जिन्यात उभी राहून ते थडग्यापाशीचं बोलणं म्हटलं, पहिल्यापासून शेवटपर्यंत, जसं अम्मच्ची म्हणाली असती तसं. एकीने पदराने डोळे पुसले. छत्रीवाल्या बाईने विधवेचा धरावा तसा माझा हात दोन्ही हातांत धरला आणि अच्चायनकडे बघून हळहळत मान हलवली.

अच्चायन पुढे झाले. घसा खाकरला.

"सगळं खरं आहे," ते म्हणाले, "पण मी जिवंत आहे, तेवढं कुणीतरी सांगा यांना."